तंजावरचा सरफोजी आणि पाश्चात्य स्वर

१

परकीय संगीत एखाद्या समाजात आले म्हणजे काय घडते, ह्या प्रश्नाचा विचार आपल्याकडे बहुधा दोनच प्रकारांनी होतो. काहींना त्यात अनुकरण दिसते व त्याचा त्यांना खेद होतो; काहींना त्यात समन्वय दिसतो व त्याचा त्यांना संतोष वाटतो. दोन्ही मतांत एक उणीव समान आहे. ‘परकीय संगीत’ ही एकसंध वस्तू आहे असे दोन्ही पक्ष गृहीत धरतात. वस्तुतः संगीत एका देशातून दुसऱ्या देशात जाते तेव्हा त्याचे घटक सुटे होऊन प्रवास करतात. वाद्य निराळे जाते, चाल निराळी जाते, स्वर कागदावर टिपण्याची रीत निराळी जाते आणि रचनेचा रूपबंधही निराळाच जातो. त्यांपैकी एक रुजतो, दुसरा काही काळ तग धरून सुकतो, तिसरा दरवाजातूनच परततो. कोणता घटक रुजला आणि कोणता नाही, ह्याची कारणे शोधणे हेच अभ्यासकाचे खरे काम होय.

असा अभ्यास करण्यास तंजावरच्या भोसले दरबाराइतके सोयीचे उदाहरण हिंदुस्थानात क्वचितच सापडेल. १७९८ ते १८३२ ह्या चौतीस वर्षांत, दुसऱ्या सरफोजी राजाच्या कारकीर्दीत, युरोपीय संगीताचे हे चारही घटक त्या एका शहरात आणि त्याच्या परिसरात येऊन पोहोचले होते. त्यांचे पुढे काय झाले ह्याचा बराचसा मागही लागतो. शिवाय मराठी वाचकाला ह्या प्रकरणाकडे पाठ फिरवता येत नाही, कारण ज्या राजाच्या दरबारी हे घडले तो स्वतः मराठीत रचना करीत होता, आणि त्या रचनांचे मराठी वाङ्मयाच्या इतिहासातील स्थान अद्याप नीट ठरलेले नाही.

२

व्यंकोजी भोसल्याने १६७६ च्या सुमारास तंजावरची गादी हस्तगत केली, तेव्हा त्याला तेथे नायक राजांची समृद्ध परंपरा मिळाली. तीत दरबारी काव्याची आणि गेय नाट्याची भाषा मुख्यतः तेलुगू होती, प्रजेची भाषा तमिळ होती, शास्त्राची संस्कृत. भोसल्यांनी ह्यांतील एकही भाषा मोडली नाही. आपली मराठी तीत मिळवली. व्यंकोजीचा पुत्र शहाजी ह्याने तेलुगू यक्षगाने लिहिली आणि मराठी नाटकेही लिहिली. मराठी रंगभूमीचा इतिहास सांगताना सांगलीच्या विष्णुदास भाव्यांच्या १८४३ च्या प्रयोगाआधी जवळजवळ दीडशे वर्षे तंजावरात मराठी नाटक होते, हे आता सर्वमान्य आहे. पहिल्या तुळजाजीने ‘संगीतसारामृत’ हा संस्कृत ग्रंथ लिहून आपल्या काळातील रागव्यवस्थेची नोंद केली. सरफोजीच्या वाट्याला आलेला वारसा हा असा होता.

त्याचे आयुष्य मात्र पूर्वजांपेक्षा फार निराळ्या परिस्थितीत गेले. १७७७ साली जन्मलेल्या ह्या मुलाला दुसऱ्या तुळजाजीने १७८७ मध्ये दत्तक घेतले आणि त्याच वर्षी तो निवर्तला. गादी तुळजाजीचा सावत्र भाऊ अमरसिंह ह्याच्याकडे गेली. पोरक्या राजपुत्राचे पालकत्व फ्रेडरिक श्वार्ट्झ ह्या जर्मन मिशनऱ्याकडे आले. पुढे सुरक्षिततेसाठी सरफोजीला मद्रासेस हलविण्यात आले व तेथे गेरिके नावाच्या दुसऱ्या मिशनऱ्याने त्याला शिकविले. अशा रीतीने कोवळ्या वयात त्याच्या कानावर जे युरोपीय संगीत पडले असेल, ते प्रार्थनामंदिरातील स्तोत्रांचे आणि मद्रासच्या किल्ल्यातील लष्करी वाद्यवृंदाचे. ही गोष्ट लक्षात ठेवण्याजोगी आहे. पुढे तंजावरात जे आले त्याचे स्वरूप ह्या दोन उगमांनी बरेचसे ठरविले.

१७९८ च्या जूनमध्ये सरफोजी गादीवर बसला आणि १७९९ च्या ऑक्टोबरमध्ये झालेल्या तहाने राज्याचा कारभार ईस्ट इंडिया कंपनीकडे गेला. राजाकडे तंजावरचा किल्ला व लगतचा थोडा प्रदेश उरला. वर्षाला एक लाख होन आणि वसुलाचा पाचवा हिस्सा एवढी नेमणूक ठरली. सैन्य नाही, महसूल नाही, परराष्ट्रव्यवहार नाही, अशा राजाने पुढील तीन तपे कशात घालविली ह्याची यादी विस्मयकारक आहे. त्याने सरस्वती महालातील ग्रंथसंग्रह अनेक पटींनी वाढविला. १८२० साली निघालेल्या काशीयात्रेतही त्याने हस्तलिखिते मिळविली. बृहदीश्वराच्या मंदिराच्या भिंतीवर त्याने १८०३ साली भोसले वंशाचा मराठी इतिहास कोरविला. धन्वंतरी महालात देशी आणि युरोपीय वैद्यकाचे प्रयोग चालविले. देवनागरी खिळ्यांचा छापखाना काढला आणि तेथे १८०६ साली इसापाच्या नीतिकथांचे मराठी भाषांतर ‘बालबोध मुक्तावली’ ह्या नावाने छापले; छापील मराठीच्या अगदी प्रारंभीच्या पुस्तकांत त्याची गणना होते. १८२६ साली तंजावरास आलेल्या बिशप हीबरला हा राजा रसायन व वनस्पतिशास्त्रातील युरोपीय पंडितांची नावे सहज घेताना आणि शेक्सपिअरच्या काव्यगुणांवर मार्मिक मत देताना आढळला, आणि त्याने तसे लिहून ठेवले.

ह्या सगळ्याला राज्य गेलेल्या राजाचा विरंगुळा म्हणणे सोपे आहे, आणि तसे म्हटलेही गेले आहे. परंतु विरंगुळ्याला पद्धत नसते. सरफोजीच्या उद्योगाला पद्धत होती. प्रत्येक विषयात देशी परंपरेचा संग्रह आणि युरोपीय विद्येचा संग्रह तो शेजारी शेजारी मांडीत होता. संगीतातही त्याने हेच केले.

३

सरफोजीच्या पदरी युरोपीय पद्धतीचा वाद्यवृंद होता. ‘तंजावर बँड’ ह्या नावाने तो पुढे दक्षिणेत प्रसिद्ध झाला. युरोपीय वाद्ये मागविली जात. स्वरलिपीचे छापील व हस्तलिखित कागद जमविले जात. त्यांचा संग्रह सरस्वती महालात आहे. ह्या वाद्यवृंदात एक विसंगती आहे आणि ती दुर्लक्षिण्यासारखी नाही. बँड ही मूलतः लष्करी संस्था. पावले एका तालात पडावीत म्हणून ती जन्मली. तंजावरात ती आली तेव्हा तिच्या तालावर चालणारे सैन्यच राजाजवळ नव्हते. म्हणून ती मिरवणुकीत गेली, सणासमारंभात गेली, पाहुण्यांच्या स्वागतात गेली. सत्तेचे चिन्ह सत्तेवाचून उरले म्हणजे ते कलेच्या प्रांतात शिरते, ह्याचे हे ठळक उदाहरण होय.

वाद्यांपैकी व्हायोलिन आणि पियानो ह्या दोहोंचे भवितव्य ताडून पाहिले पाहिजे. दरबारातील वराहप्पा दीक्षित पंडित ह्याला दोन्ही वाद्ये अवगत होती असे परंपरा सांगते. त्याच सुमारास मद्रासजवळ मणली येथे मुत्तुस्वामी दीक्षितराचा धाकटा भाऊ बालुस्वामी एका युरोपीय वादकाकडे व्हायोलिन शिकला आणि कर्नाटक संगीत त्यावर वाजवू लागला. तंजावरच्या सुप्रसिद्ध चार भावांपैकी, म्हणजे चिन्नय्या, पोन्नय्या, शिवानंदम् आणि वडिवेलू ह्यांपैकी, धाकटा वडिवेलू ह्याने त्या वाद्यात एवढे प्रावीण्य मिळविले की त्रावणकोरच्या स्वाती तिरुनाळ महाराजांनी १८३४ साली त्याला हस्तिदंती व्हायोलिन बक्षीस दिले. त्यानंतर थोड्याच पिढ्यांत व्हायोलिन हे कर्नाटक मैफलीचे अविभाज्य अंग बनले. आज ते परके आहे असे कोणा श्रोत्याच्या मनातही येत नाही. पियानोला मात्र ही मान्यता कधीच लाभली नाही.

दोन्ही वाद्ये एकाच काळी, एकाच जेत्या समाजाकडून, एकाच दरबारात आली. मग हा भेद का पडला? उत्तर राजकारणात सापडत नाही. ते रागसंगीताच्या व्याकरणात सापडते. कर्नाटक संगीतात स्वर हा एक स्थिर बिंदू नाही. तो शेजारच्या स्वरांना स्पर्शून, आंदोलन घेऊन, घसरत किंवा चढत प्रकट होतो. ह्या क्रियेला गमक म्हणतात, आणि गमक हा स्वरावर चढविलेला अलंकार नसून पुष्कळ रागांत तोच स्वराचा प्राण असतो. व्हायोलिनच्या पट्टीवर पडदे नसतात. बोट तारेवर सरकू शकते, थरथरू शकते, गळ्यामागोमाग जाऊ शकते. बसण्याची पद्धत बदलली, वाद्याचे टोक पायाच्या घोट्यावर टेकविले, तारा निराळ्या लावल्या, की व्हायोलिन रागाची भाषा बोलू लागते. पियानोत प्रत्येक स्वराची पट्टी निराळी व तिचा नाद कायमचा ठरलेला. सप्तकाचे बारा समान भाग करून तो लावलेला असतो. दोन पट्ट्यांच्या मधला स्वर त्याला उच्चारताच येत नाही.

ही गोष्ट भाषांतरकाराला ओळखीची वाटेल. भाषेत परका शब्द शिरतो तो यजमान भाषेच्या उच्चारव्यवस्थेला वाकण्याची त्याची तयारी असेल तर. ‘इस्पितळ’ मराठी झाले, कारण ते मराठी जिभेवर वळले. व्हायोलिन वळले, पियानो वळू शकत नव्हता. महाराष्ट्रातील वाचकाला पेटीचा इतिहास आठवेल. पट्ट्यांचे ते वाद्य मराठी रंगभूमीने जवळ केले, हिंदुस्थानी गवयांनी साथीला घेतले, तरी तिच्या अचल स्वरांविषयीचा आक्षेप कधी शमला नाही. १९४० साली आकाशवाणीने एकल पेटीवादनावर व साथीवर बंदी घातली आणि ती सुमारे तीन दशके टिकली. पेटी ज्या वादात सापडली, तोच प्रश्न तंजावरात शतकापूर्वी शब्दाविना सुटला होता.

४

चालींचे भवितव्य आणखी निराळे. मुत्तुस्वामी दीक्षितर हा तंजावर मुलखातील तिरुवारूरचा. त्याने इंग्रजी बँडच्या आणि इतर युरोपीय चालींवर संस्कृत स्तुतिपदे रचली. इंग्लंडच्या राष्ट्रगीताची चालही त्यांत आहे. अशा सुमारे चाळीस रचना त्याच्या नावावर आहेत. त्यांना ‘नोट्टुस्वर’ म्हणतात. इंग्रजी ‘नोट’ आणि संस्कृत ‘स्वर’ हे समानार्थी शब्द मध्ये एक तमिळ उकार घालून सांधावेत, हे त्या काळाच्या मिश्र व्यवहाराला शोभणारेच आहे. ह्या रचना शंकराभरण रागात गायिल्या जातात, कारण त्याची स्वरपंक्ती युरोपीय ‘मेजर’ पंक्तीशी जुळते. आणि त्या बहुतांशी गमकावाचून गायिल्या जातात. राजाचे आयुष्य चिंतणारी चाल देवीच्या स्तुतीसाठी वापरण्यात दीक्षितराचा हेतू उपरोधाचा होता की निव्वळ कौतुकाचा, हे रचनेवरून ठरत नाही. परिणाम तेवढा निश्चित आहे. चाल राहिली, तिचा मूळ अर्थ गेला आणि तिच्यात नवे दैवत बसले. तथापि ही वाट पुढे फारशी चालली गेली नाही. नोट्टुस्वर मुलांना शिकविण्याच्या उपयोगी पडले. मैफलीच्या गाभाऱ्यात त्यांना प्रवेश मिळाला नाही. गमकावाचूनचा शंकराभरण हा रागाचा सांगाडा होय, हे गाणाऱ्याला व ऐकणाऱ्याला ठाऊक होते.

स्वरलिपीचा प्रश्न सर्वांत नाजूक. युरोपीय स्वरलिपी ही वाजवायचे ते सर्व कागदावर आणण्याचा प्रयत्न करते. वादकाने ते वाचून नाद उभा करावा अशी तिची अपेक्षा. आपल्याकडील सा-रे-ग-म अक्षरे ही आठवणीची खूण असते. जे शिष्याने गुरुमुखातून आधीच घेतले आहे, त्याची ती याद देतात. सरफोजीने युरोपीय स्वरलिपीचे कागद जमविले तेव्हा दोन निराळ्या स्मृतिव्यवस्था एका कपाटात आल्या. त्यांची खरी गाठ पडण्यास शतकाचा अवधी लागला. १८९३ साली चिन्नस्वामी मुदलियार ह्याने कर्नाटक रचना युरोपीय लिपीत छापण्याचा उपक्रम केला. त्याच्या आग्रहातून सुब्बराम दीक्षितराने गमकांची स्वतंत्र चिन्हे योजून ‘संगीत संप्रदाय प्रदर्शिनी’ सिद्ध केली. ती १९०४ साली प्रसिद्ध झाली. युरोपीय लिपी जशीच्या तशी घेतली गेली नाही, पण सर्व काही लिहिता आले पाहिजे ही तिची महत्त्वाकांक्षा घेतली गेली.

५

आता सरफोजीच्या स्वतःच्या रचनांकडे वळू. येथे एक अपेक्षाभंग वाट्याला येतो, आणि तोच उद्बोधक आहे. युरोपीय वाद्ये, स्वरलिपी व वाद्यवृंद ह्यांचा एवढा नाद असलेल्या राजाने मराठीत जी नृत्यगीते केली, ती आपल्या घडणीत पूर्णतः दाक्षिणात्य आहेत.

ह्या रचनांना ‘निरूपण’ म्हणतात. एक कथा किंवा एक भाव घ्यावा आणि तो अठरा निरनिराळ्या नृत्यप्रकारांतून मांडावा, अशी त्यांची योजना. जयजय, शरणु, अलारू, शब्द, वर्ण, पद, स्वरजति, अभिनयपद, तिल्लाना, जक्किणी, गीत, प्रबंध, कौत्तुवम्, मंगल अशी ह्या प्रकारांची नावे. एका निरूपणातील सर्व प्रकार एकाच रागात व एकाच तालात बांधलेले असतात. सरस्वती महालाने हा संग्रह विसाव्या शतकात छापून काढला. त्याचे नाव ‘कोर्व्यांच्या साहित्याचे जिन्नस’. त्या तीन शब्दांचा अर्थ लावून पाहावा. ‘कोर्वै’ म्हणजे ओवण, माळ, हा तमिळ शब्द. ‘साहित्य’ हा संस्कृत शब्द, पण येथे तो वाङ्मय ह्या अर्थी नसून दाक्षिणात्य संगीतातील अर्थाने, म्हणजे स्वरात बसविलेले बोल ह्या अर्थाने, आलेला आहे. ‘जिन्नस’ हा अरबीतून फारसीच्या द्वारे मराठीत मुरलेला. तीन कुळींचे हे शब्द ज्या प्रत्ययांनी बांधले आहेत ते मात्र मराठीचे: ‘च्या’ आणि ‘चे’. तंजावरच्या मराठीचे कार्य ह्याहून नेमके सांगता येणार नाही. तेथे मराठी ही बहुसंख्यांची भाषा नव्हती. ती ओवणारा दोरा होती.

एकराग-एकताल ही अट वरवर पाहता एकसुरी वाटेल. युरोपीय संगीतकार मोठी रचना करताना स्वरपंक्ती बदलून वैचित्र्य साधतो. निरूपणाची पद्धती ह्याच्या उलट आहे. राग आणि ताल स्थिर ठेवून रूप बदलायचे: कधी नुसते पदन्यासाचे बोल, कधी शब्दांचा अभिनय, कधी स्वर आणि शब्द ह्यांची जोडी. कथा एकाच वातावरणातून चालत राहते आणि नर्तकीचे अंग तेवढे निरनिराळ्या रीतींनी बोलते. ही दीर्घ रचनेची स्वतंत्र कल्पना आहे. ह्याच दरबारात वावरलेल्या त्या चार भावांनी अलारिप्पू, जतिस्वरम्, शब्दम्, वर्णम्, पदम्, तिल्लाना असा जो क्रम रूढ केला, तो आज भरतनाट्याचा सर्वमान्य क्रम आहे. निरूपणांतील अठरा प्रकार व हा क्रम शेजारी ठेवून पाहिले म्हणजे दोहोंचे नाते लपत नाही.

‘देवेंद्र कुरवंजी’ ह्या त्याच्या मराठी नाट्यकृतीत प्रयोग आणखी धीट आहे. कुरवंजी हा तमिळ लोकनाट्याचा प्रकार. विरहिणी नायिकेकडे भविष्य सांगणारी डोंगरी स्त्री येते; आपण हिंडलेल्या डोंगरांची व देशांची वर्णने करते; हात पाहून मनोरथ सिद्धीस जाईल असे सांगते. त्याच प्रकारात कवी शिवक्कोळुंदु देशिकर ह्याने सरफोजीला नायक करून तमिळ ‘शरभेंद्र भूपाल कुरवंजी’ लिहिली आणि ती बृहदीश्वराच्या मंदिरात होत असे. सरफोजीने स्वतः कुरवंजी रचली तेव्हा देशवर्णनाच्या त्या रूढ जागी त्याने नव्या भूगोलाचा पाठ घातला. भटक्या स्त्रीच्या तोंडून पृथ्वीवरील खंडे आणि देश प्रेक्षकाला कळू लागले. युरोपीय विद्येला त्याने देशी रूपबंधातील अशी जागा दिली की जी तिच्यासाठी जणू मोकळीच होती. दीक्षितराने परकी चाल घेऊन देशी आशय घातला. सरफोजीने देशी रूप घेऊन परका आशय घातला. दोघांच्या वाटा उलट आहेत, पण एक विवेक दोघांतही आहे: काय बदलावे आणि काय बदलू नये ह्याचा.

दरबारी रचनेत कर्तृत्वाचा प्रश्न नेहमी उभा राहतो. राजाच्या नावे असलेल्या कृतीत पंडितांचा, नट्टुवनारांचा आणि नर्तकींचा वाटा किती, हे काटेकोरपणे वेगळे काढता येत नाही. तथापि नाटकमंडळीच्या संहितेप्रमाणे ह्या कृतीही सामुदायिक कर्तृत्वाच्या मानाव्यात. त्यामुळे त्यांचे मोल उणावत नाही.

६

ह्याच शतकात पृथ्वीच्या दुसऱ्या टोकाला हाच प्रश्न एका पियानोवादकापुढे उभा राहिला. लुई मोरो गॉट्शॉक हा १८२९ साली न्यू ऑर्लिन्स येथे जन्मला. वडील लंडनहून आलेले यहुदी व्यापारी. आईचे घराणे हैती बेटातून आलेल्या फ्रेंच भाषिकांचे. घरात गुलाम होते आणि त्यांच्या गाण्यागोष्टी त्याच्या कानावर लहानपणापासून पडत होत्या. तेराव्या वर्षाच्या आसपास तो पॅरिसला गेला. तेथील संगीतविद्यालयाने त्याला न ऐकताच परत पाठविले; अमेरिका हा यंत्रांचा देश, तेथे संगीतकार कोठून असणार, असा त्या नकारातील भाव होता. १८४५ साली त्याचे वादन शोपँने ऐकले व वाखाणले. पुढे ‘बांबूला’, ‘सव्हान’ ह्यांसारख्या रचनांत त्याने लुइझियानातील काळ्या गुलामांच्या नाचांच्या चाली आणि लयी पियानोवर आणल्या, तेव्हा युरोपच्या मैफलीला ते अगदी नवे वाटले. ‘बँजो’ ह्या रचनेत त्याने त्या तंतुवाद्याची छेड पियानोच्या पट्ट्यांवर उठविली. १८५७ नंतर पाच वर्षे तो कॅरिबियन बेटांत हिंडला. तेथील लयी आणि तालवाद्ये त्याने ‘उष्ण कटिबंधातील रात्र’ ह्या आपल्या सिंफनीत आणली आणि १८६० साली हवानात शेकडो वादकांचा मेळा जमविला. अमेरिकेच्या यादवी युद्धात, दक्षिणेत जन्मूनही, तो उत्तरेच्या पक्षाला राहिला आणि गावोगाव आगगाडीने फिरून वाजवीत गेला. १८६९ च्या डिसेंबरात, वयाच्या चाळिसाव्या वर्षी, ब्राझीलमध्ये त्याचा अंत झाला.

गॉट्शॉक आणि तंजावर ह्यांची तुलना दोन ठिकाणी फार बोलकी आहे. पहिले ठिकाण तांत्रिक. गॉट्शॉकला पियानो का पुरला? कारण त्याने लोकसंगीतातून मुख्यतः लय उचलली. आघातांची जागा बदलणारी, पाऊल नाचवणारी लय. पियानो हे तारांवर हातोडी मारणारे वाद्य असल्याने अशा लयीला ते अनुकूल होते. तंजावरचा जो प्राण, गमक, तो पियानोच्या आवाक्याबाहेरचा. म्हणजे एकच वाद्य एका ठिकाणी सेतू झाले आणि दुसऱ्या ठिकाणी भिंत झाले, ते ऐकणाऱ्यांच्या उदारतेमुळे किंवा संकुचितपणामुळे नव्हे. नेण्याची वस्तू दोन ठिकाणी भिन्न होती.

दुसरे ठिकाण सत्तेचे. गॉट्शॉकने घेतले ते दुबळ्यांकडून. ज्यांच्या चालीवर पॅरिस टाळ्या वाजवीत होते, ते लोक न्यू ऑर्लिन्समध्ये विकले जात होते. तंजावरने घेतले ते जेत्यांकडून, आणि जेत्यांकडून घेताना स्वत्व हरवण्याचे भय असते. ह्या भयाला सरफोजीच्या दरबाराने दिलेले उत्तर बहिष्काराचे नाही आणि शरणागतीचेही नाही. त्याने सर्व काही जवळ येऊ दिले आणि निवडीचे काम कलावंतांवर सोपविले. मात्र हे चित्र रंगविताना एक गोष्ट झाकू नये. तंजावरातही कला जिच्या अंगी उतरे, ती नर्तकी, पोथीत तिचे नाव क्वचितच ठेवून गेली. १९४७ च्या मद्रास कायद्याने देवदासींची प्रथा बंद झाली. त्यांच्या विद्येला नवे नाव आणि नवा समाज मिळाला, त्यांना स्वतःला बहुधा विस्मृती मिळाली. गॉट्शॉकच्या चालींमागच्या अनामिकांची आठवण करणाऱ्याने ह्या अनामिकांचीही केली पाहिजे.

७

१८५५ साली सरफोजीचा पुत्र शिवाजी निपुत्रिक वारला आणि दरबार संपला. कलावंत पांगले. काही मद्रासेस गेले, काही अन्य संस्थानांत. १८८० साली तंजावरची राजकन्या बडोद्याच्या सयाजीराव गायकवाडांना दिली, तेव्हा तिच्याबरोबर नर्तकी व साथीदार बडोद्यास आले आणि तंजावरचे नृत्य पुन्हा एका मराठी दरबारात उभे राहिले. व्हायोलिन सर्व दक्षिणेचे झाले. क्लॅरिनेट नर्तकींच्या साथीच्या मेळ्यात गेला. मराठी कीर्तनाने तमिळ हरिकथेला साकी, दिंडी, ओवी ही वृत्ते दिली. एवढे सगळे तंजावराबाहेर पसरले. सरफोजीची मराठी निरूपणे मात्र पोथीत राहिली.

ह्याचे कारण सरळ आहे. ती ज्यांना नाचता येत होती त्यांना मराठी येत नव्हती, आणि ज्यांना मराठी वाचता येत होती त्यांना त्यांतील राग, ताल व अभिनय ठाऊक नव्हते. मराठी समीक्षकाने पोथी उघडली, शब्द वाचले आणि काव्य सामान्य आहे असा अभिप्राय देऊन ती मिटली. ‘साहित्य’ ह्या शब्दाचा दाक्षिणात्य अर्थ विसरून त्याने तिला आपल्याकडील अर्थाने जोखले. वर्णात एकच ओळ पुनःपुन्हा येते. कागदावर तो दोष, पण नर्तकी तीच ओळ दहा भावांनी उकलते तेव्हा ती पुनरुक्ती हेच रचनेचे बल ठरते. संगीत नाटकांतील पदांविषयी असा अन्याय आपण करीत नाही, कारण त्या चाली आपल्या कानांत आहेत. तंजावरच्या पदांच्या चाली कानांत नाहीत, म्हणून शब्द उघडे पडतात.

मुंबईचे आचार्य पार्वतीकुमार ह्यांनी विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात ह्या निरूपणांचा अभ्यास करून ती नृत्यात बांधली, आणि त्यांच्या शिष्या सुचेता भिडे-चापेकर ह्यांनी ती रंगमंचावर मराठी प्रेक्षकांपुढे आणली. पोथीतील शब्द तेव्हा प्रथमच महाराष्ट्रात आपल्या पूर्ण रूपात ऐकू आले व दिसले. त्या प्रयत्नाने एक गोष्ट सिद्ध केली: ही मराठी रचना प्रयोगक्षम आहे, तिच्यात नाट्य आहे, आणि तिचे मोल शब्द, स्वर व अंगाभिनय ह्या तिन्हींच्या गुणाकारात आहे.

वाङ्मयेतिहासाने ह्यावरून घ्यावयाचा बोध मोठा आहे. तंजावरच्या मराठीला आपण एका दूरच्या शाखेचे स्थान देतो. खोड महाराष्ट्रात आहे असे धरून चालतो. परंतु ज्या काळात पुण्याची सत्ता कोसळत होती, त्याच काळात तमिळ मुलखातील एका किल्ल्यात मराठी ही इसापाची, भूगोलाची, वंशेतिहासाची आणि नृत्याची भाषा झाली होती, आणि तिच्या शेजारच्या दालनात युरोपीय वाद्ये लागत होती. त्या दालनांतील कागद अद्याप आहेत. मोडी लिपीतील दरबारी दफ्तर आहे, निरूपणांच्या पोथ्या आहेत, युरोपीय स्वरलिपीचे ताव आहेत. मोडी वाचणारा, कर्नाटक राग जाणणारा आणि युरोपीय स्वरलिपी उलगडणारा असे तिघे अभ्यासक एका मेजाभोवती बसल्यावाचून त्यांचा अर्थ लागणार नाही. सरफोजीच्या तंजावरात असे तिघे एकाच वाड्यात होते. आपल्याकडे ते तीन निरनिराळ्या विद्यापीठांत, तीन निरनिराळ्या विभागांत बसलेले आहेत. त्यांना एकत्र आणणे हे ह्या विषयाचे पहिले काम आहे.